‘मालिकेत गेलीस की हात बिघडतो’

प्रश्न : पत्र लिहिणाऱ्या वाचक ३१ वर्षांच्या असून पुण्यात कर्वेनगर भागात पती आणि सासूबाईंसह राहतात. वाणिज्य शाखेत शिकत असताना पुरुषोत्तम आणि फिरोदिया करंडक या आंतरमहाविद्यालयीन स्पर्धांच्या निमित्ताने त्या कॉलेजच्या संघात आल्या, पुढे काही वर्षे त्यांनी लग्नसमारंभांचे चित्रीकरण केले आणि गेल्या सहा वर्षांत १४ मराठी गाण्यांचे व्हिडिओ दिग्दर्शित केले. त्यांतल्या दोन गाण्यांना यूट्यूबवर एक कोटीहून अधिक व्ह्यूज आहेत. मानधन मात्र कधी ४० हजार, कधी दीड लाख असे मिळते, आणि गेल्या पावसाळ्यात सलग चार महिने हातात काम नव्हते. आता एका निर्मितीसंस्थेने त्यांना दैनंदिन मालिकेसाठी एपिसोड दिग्दर्शक म्हणून बोलावले आहे. सेट ठाण्याला घोडबंदर रोडवर आहे आणि उत्तर तीन आठवड्यांत द्यायचे आहे. त्या लिहितात, “ज्यांच्या हाताखाली मी शिकले ते सर म्हणतात, मालिकेत गेलीस की हात बिघडतो. मलाही तसेच वाटते. गाणे माझे असते, मालिका चॅनेलची असते. शिवाय सासूबाईंचा विरोध आहे. रात्री अकराला त्या रस्त्यावरून ही येणार कशी, असे त्या रोज विचारतात. नाही म्हटले तर पैशांचे काय, आणि हो म्हटले तर माझ्या कामाचे काय?”

सप्रेम नमस्कार.

तुमचे पत्र मी तीनदा वाचले, आणि तिसऱ्या वेळी पेन्सिल घेऊन वाचले. चार पानांच्या पत्रात फ्रेम, लेन्स, ग्रेडिंग (चित्राच्या रंगछटा ठरवणे) आणि लोकेशन यांविषयी तुम्ही फार जिव्हाळ्याने लिहिले आहे. भोरच्या राजवाड्यातल्या सकाळच्या उन्हावर अर्धे पान आहे. लोहगावचा हवाई दलाचा तळ आणि खडकवासल्याची एनडीए यांच्यामुळे पुण्यात ड्रोन कुठे उडवता येतो आणि कुठे नाही, याची तुमची माहिती चोख आहे. मात्र या चार पानांत नट किंवा नटी हा शब्द मला सापडला नाही. १४ गाण्यांमध्ये कुणी ना कुणी माणसे तुमच्या कॅमेऱ्यासमोर उभी राहिली असतील, पण त्यांच्यापैकी एकाचाही चेहरा पत्रात आलेला नाही.

मी हे दोष काढण्यासाठी लिहीत नाही. गाण्याच्या व्हिडिओचा साचाच असा आहे की दिग्दर्शकाला नटाशी फारसे बोलावे लागत नाही. भावना संगीतकाराने आधीच ठरवून दिलेली असते, विराम कुठे आणि किती हे चालीत बसलेले असते, मुखडा संपून अंतरा कधी सुरू होणार याला तुमच्या परवानगीची गरज नसते. स्लो मोशनमध्ये ओठ जुळावेत म्हणून तुम्ही सेटवर गाणे दुप्पट वेगाने वाजवता आणि कॅमेरा सेकंदाला ५० फ्रेमवर ठेवता. मग एडिटमध्ये तो २५ वर चालवला की नायिकेचा पदर संथ उडतो आणि शब्द मात्र अचूक जुळतात. हे कसब सहज येत नाही आणि ते तुमच्याकडे आहे. पण त्या दुप्पट वेगाच्या प्लेबॅकवर ओठ हलवणाऱ्या मुलीला तुम्ही काय सांगता? बहुधा ‘इकडे बघ’, ‘हसू जरा कमी’, ‘चौथ्या मात्रेला वळ’ एवढेच. तिला काय वाटते आहे हे सांगायची वेळ येत नाही, कारण ते गाणे सांगत असते.

मालिकेत हा आधार नसतो. दोन जावा स्वयंपाकघरात बोलत आहेत, चार वाक्यांनंतर एकीने गप्प व्हायचे आहे, आणि ती किती वेळ गप्प राहील हे कोणत्याही ट्रॅकवर लिहिलेले नाही. ते तुम्ही ठरवायचे असते.

मालिकांच्या सेटवर मी बरीच वर्षे काढली आहेत, आणि माझा पहिला आठवडा अजून स्पष्ट आठवतो. एका प्रसंगासाठी मी रात्र जागून ट्रॉलीची हालचाल आखली होती. आई मुलाला घर विकल्याचे सांगते, कॅमेरा दाराच्या चौकटीतून हळूहळू आत येतो, असे ते होते. ज्येष्ठ अभिनेत्रीने तालमीत चहाचा स्टीलचा पेला हातात घेतला आणि मला शांतपणे विचारले, “हा पेला मी कधी खाली ठेवू?” माझ्याकडे उत्तर नव्हते. ट्रॉलीचा वेग मला सेकंदात माहीत होता, पण पेल्याचा मी विचारच केला नव्हता. त्यांनी काही क्षण वाट पाहिली आणि मग स्वतःच करून दाखवले. मुलगा “मग आपण राहायचं कुठे?” असे विचारेपर्यंत पेला हातात तसाच, आणि त्याचे वाक्य संपल्यावर त्यांनी तो ओट्यावर इतक्या जपून ठेवला की आवाजही झाला नाही. ट्रॉली आम्ही काढून टाकली. त्या दिवशी मला कळले की प्रसंग बांधणे हे काम मला येत नाही, आणि ते शिकायला मला पुढे दीड वर्ष लागले.

म्हणून तुमच्या प्रश्नाची मांडणी मला थोडी बदलाविशी वाटते. गाणे की मालिका, हे ठरवण्याआधी आपल्याला कोणते काम अजून येत नाही आणि ते कुठे शिकता येईल, हे पाहायला हवे.

आता तुमच्या सरांचे वाक्य घेऊ. त्यात तथ्य आहे. दैनंदिन मालिकेचा अर्ध्या तासाचा भाग जाहिराती वगळता साधारण २२ मिनिटांचा असतो आणि आठवड्याला पाच-सहा भाग द्यायचे असतात. त्यामुळे १२ तासांच्या शिफ्टमध्ये जवळपास एक भाग उरकल्याशिवाय बँक, म्हणजे प्रसारणाआधी तयार भागांचा साठा, तयार होत नाही. साडेतीन मिनिटांच्या गाण्याला तुम्ही दोन दिवस घेता, तिथे त्याच्या सहापट लांबीचे काम एका दिवसात करावे लागते. संहिता अनेकदा त्याच सकाळी हातात येते, मालिकेचा लूक सुरुवातीच्या दिग्दर्शकाने आणि डीओपीने (छायाचित्रण दिग्दर्शकाने) ठरवून ठेवलेला असतो, आणि कथेचा निर्णय चॅनेलच्या क्रिएटिव्ह टीमकडे असतो. या रेट्यात हात बिघडतो तो विशिष्ट पद्धतीने. दोन-तीन कॅमेरे लावून सगळे टिपून ठेवायचे, प्रत्येक चेहऱ्याची प्रतिक्रिया घ्यायची आणि निवड एडिटरवर सोडायची, ही सवय लागते. प्रसंग नेमका कुणाचा आहे, हे ठरवण्याची गरजच उरत नाही, आणि पाच-सहा वर्षांनी ते ठरवण्याची ताकदही उरत नाही. असे झालेले चांगले लोक मी पाहिले आहेत आणि त्यांच्याविषयी मला आजही हळहळ वाटते.

पण त्याच रेट्यात दिवसाला सात-आठ प्रसंग तुमच्या हाताखालून जातात. नजरेची दिशा, ब्लॉकिंग (कुणी कुठे उभे राहायचे आणि कधी हलायचे), कंटिन्युइटी (एका शॉटचा दुसऱ्याशी मेळ), तीस वर्षे काम केलेल्या नटाला काय सांगायचे आणि काय सांगायचे नाही, तापलेल्या नवोदित मुलाला कसे शांत करायचे, हे एवढ्या संख्येने शिकायला मिळेल अशी दुसरी जागा मला माहीत नाही. तेव्हा मालिकेत जावे की नाही यापेक्षा तिथे किती काळ राहावे, हा प्रश्न मला अधिक महत्त्वाचा वाटतो. सहा महिने ते वर्षभर, आणि हे आजच ठरवून वहीत लिहून ठेवायचे.

‘गाणे माझे असते’ या तुमच्या वाक्यावर मला थोडे थांबायचे आहे, कारण तुमच्या सगळ्या चिंतेचा पाया तेच वाक्य आहे. कायद्याच्या दृष्टीने ते गाणे तुमचे नाही. १९५७ च्या कॉपीराइट कायद्यानुसार चित्रीकरणाचा कर्ता हा निर्माता असतो, मग तो चित्रपट असो, मालिका असो वा गाण्याचा व्हिडिओ. २०१० च्या दुरुस्ती विधेयकात मुख्य दिग्दर्शकालाही निर्मात्याच्या जोडीने कर्ता मानावे असा प्रस्ताव होता, पण २०१२ मध्ये कायद्यात दुरुस्ती झाली तेव्हा तो प्रस्ताव गळालेला होता. त्याच दुरुस्तीने गीतकार आणि संगीतकार यांच्या रॉयल्टीच्या हक्काला संरक्षण दिले, दिग्दर्शकाला मात्र करारात जे लिहिले असेल तेवढेच मिळते. म्हणजे तुमच्या त्या दोन गाण्यांना आणखी दहा कोटी व्ह्यूज मिळाले तरी, करारात तसे कलम नसेल तर, तुमच्या खात्यात एक रुपयाही येणार नाही. मला हे अन्यायाचे वाटते. परंतु निर्णय घेताना ते माहीत असले पाहिजे.

व्ह्यूजबद्दलही एक नाजूक गोष्ट सांगते. एक कोटी वेळा ते गाणे पाहिले गेले, हे खरे. ते पाहणाऱ्या किती जणांना दिग्दर्शकाचे नाव सांगता येईल? १९८१ मध्ये अमेरिकेत सुरू झालेल्या एमटीव्ही या संगीतवाहिनीनेसुद्धा गाण्याच्या पट्टीवर दिग्दर्शकाचे नाव दाखवायला १९९२ च्या अखेरीस सुरुवात केली, म्हणजे तब्बल अकरा वर्षे प्रेक्षकांना ती नावे पडद्यावर दिसलीच नव्हती. व्ह्यूज मिळतात ते चालीमुळे, जोडीमुळे, कधी जाहिरातीवर ओतलेल्या पैशांमुळे, आणि त्यात तुमच्या कामाचा वाटा किती हे त्या आकड्यातून कळत नाही. तुमच्या १४ गाण्यांपैकी कोणते गाणे पाहून तुम्हाला पुढचे काम मिळाले, हे एकदा तपासा. माझा अंदाज आहे की या मालिकेच्या निर्मात्यानेही कोटीवाले गाणे पाहून फोन केला नसावा. विचारून पाहायला हरकत नाही, आणि उत्तर काहीही आले तरी ते उपयोगी पडेल.

गाण्यांच्या बाजाराचा भूतकाळही डोळ्यांसमोर ठेवावा असे मला वाटते. १९९० च्या दशकात इंडिपॉपची, म्हणजे चित्रपटाबाहेरच्या पॉप गाण्यांची, लाट आली, केबलवर संगीतवाहिन्या आल्या आणि गाण्याचा व्हिडिओ करणारे दिग्दर्शक एकदम मागणीत आले. पुढच्या दशकात त्या वाहिन्यांचा वेळ पुन्हा चित्रपटगीतांनी व्यापला आणि ती मागणी आटली. त्या लाटेतले केन घोष २००३ मध्ये चित्रपटाकडे आणि नंतर वेब मालिकांकडे वळले. जाहिराती आणि गाण्यांचे व्हिडिओ करून नाव मिळवलेल्या प्रदीप सरकार यांनी २००५ मध्ये, पन्नाशीच्या उंबरठ्यावर, पहिला चित्रपट दिग्दर्शित केला. अमेरिकेत डेव्हिड फिंचर हेही व्हिडिओंच्याच मार्गाने चित्रपटात आले. ही नावे टिकली, कारण त्यांना गाण्याबाहेर जाऊन प्रसंग बांधता आला. ज्यांना फक्त साडेतीन मिनिटेच येत होती त्यांची नावे आज आपल्याला आठवत नाहीत, आणि त्यांच्याकडे कौशल्य कमी होते असेही नव्हते. आज यूट्यूबवर मराठी गाण्यांना बरे दिवस आहेत, पण ते दिवस तुमच्या हातात नाहीत. गेल्या पावसाळ्यातल्या चार महिन्यांनी तुम्हाला ते दाखवलेच आहे.

दूरदर्शनचे काम करून नजर मरते, हेही सरसकट खरे नाही. आपल्याच पुण्याच्या सई परांजपे यांनी इथल्या आकाशवाणी केंद्रापासून सुरुवात केली, दिल्ली दूरदर्शनवर वर्षानुवर्षे काम केले आणि त्यानंतर चित्रपट केले. तेव्हाचे दूरदर्शन आणि आजची दैनंदिन मालिका यांत मोठे अंतर आहे, हे मान्यच आहे, पण लोकांच्या घरात दिसणाऱ्या पडद्यासाठी काम करणे म्हणजे कमअस्सल काम, ही समजूत तुम्ही सरांकडून जशीच्या तशी घेतली आहे का, एवढे स्वतःला विचारून पाहा.

तुम्ही पत्रात ओझरता उल्लेख केला आहे की सगळे सोडून लॉ कॉलेज रस्त्यावरच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये वर्षभराचा टीव्ही दिग्दर्शनाचा अभ्यासक्रम करावा का. प्रभात फिल्म कंपनीच्या आवारात १९६० साली सुरू झालेल्या त्या संस्थेचा टीव्ही विभाग १९७४ पासून पुण्यात आहे, आणि नुकत्याच पदवीधर झालेल्या वाचकांना मी तो मार्ग जरूर सुचवीन. सहा वर्षे काम केलेल्या आणि घरखर्चाला हातभार लावणाऱ्या तुमच्यासाठी वर्षभर बिनपगारी राहणे मला परवडणारे वाटत नाही. तुम्हाला शिक्षणाची ओढच असेल तर तिथला उन्हाळ्यातला चित्रपट रसास्वादाचा छोटा अभ्यासक्रम पाहा, तो काम सांभाळून जमू शकतो.

पुण्यात राहून गाणीच करत राहणे हाही सन्मानाचा पर्याय आहे, आणि तो निवडलात तर मी तुम्हाला भित्र्या म्हणणार नाही. मात्र तेव्हा व्यवहार बदलावा लागेल. अर्धे मानधन चित्रीकरणाआधी, आणि उरलेले अंतिम फाइल देण्यापूर्वी. एडिटमध्ये किती वेळा बदल करून मिळतील, हे आकड्यात. दिग्दर्शकाचे नाव व्हिडिओच्या फ्रेममध्ये आणि खालच्या माहितीतही. सरकारी पोर्टलवर उद्यम नोंदणी, म्हणजे लहान व्यवसायाची नोंदणी, विनामूल्य होते. ती केली की २००६ च्या एमएसएमई (सूक्ष्म, लघु आणि मध्यम उद्योग) कायद्यानुसार ग्राहकाला तुमचे पैसे जास्तीत जास्त ४५ दिवसांत देणे बंधनकारक ठरते आणि उशीर झाल्यास व्याज मागता येते. गाणी करणाऱ्या अनेक तरुण मित्रमैत्रिणींना हे ठाऊकच नसते, म्हणून इथे मुद्दाम लिहिते आहे.

मालिका घ्यायची ठरवलीत तर आधी करार मागा, आणि तो येईपर्यंत होकार तोंडी राहू द्या. महिन्याला किती दिवसांची हमी आहे, १२ तासांपुढे शिफ्ट गेली तर काय, राहण्याची सोय कोणाची, दुसरा एपिसोड दिग्दर्शक कोण आणि दिवस कसे वाटलेले आहेत, श्रेयनामावलीत तुमचे नाव कोणत्या पदाने जाणार, आणि मालिका चालू असताना तुम्हाला एखादे गाणे करण्याची मुभा आहे का, हे सगळे कागदावर हवे. शेवटचा मुद्दा तुमच्यासाठी सर्वांत महत्त्वाचा आहे. दोन-तीन महिन्यांतून एक गाणे हातात राहिले तर तुमची नजर शाबूत राहील आणि पुण्यातली माणसेही तुटणार नाहीत. या क्षेत्रात पैसे ९० दिवसांनी देण्याचा रिवाज आहे, त्यामुळे सही केल्या दिवशी चांगले दिवस आले असे समजू नका. पहिला चेक चौथ्या महिन्यात येईल असे धरून चार महिन्यांच्या खर्चाची तजवीज आधी करा. ती होत नसेल, तर मालिका घेऊनही तुमची पैशांची ओढाताण आणखी काही काळ तशीच राहील.

आता सासूबाई. तुम्ही लिहिता की त्यांचा विरोध आहे, पण त्यांचे जे वाक्य तुम्ही दिले आहे ते मला विरोधाचे वाटत नाही. रात्री अकराला त्या रस्त्यावरून ही येणार कशी, हा सरळ प्रश्न आहे आणि मीही तोच विचारीन. सकाळी नऊची शिफ्ट रात्री नऊला संपणार, पॅकअप होऊन मेकअप रूम रिकामी व्हायला दहा वाजणार, त्यानंतर घोडबंदर रोडवरून निघून द्रुतगती मार्गाने कर्वेनगर गाठायचे आणि सकाळी पुन्हा परतायचे, हे कुणालाही झेपणारे नाही. शिफ्टनंतर स्वतः गाडी चालवत पुण्याला यायचे नाही, हा नियम कृपा करून पाळा. आठवड्यातले कामाचे दिवस ठाण्यातच राहायचे आणि सुटीच्या आदल्या रात्री ठाण्यातच झोपून सकाळी निघायचे, अशी सोय ठरवून त्यांना सांगा. खोलीचा पत्ता आणि सोबत कोण राहणार ते सांगा, जमल्यास त्यांना एकदा घेऊनही जा. इतके दिवस त्या विचारत आहेत आणि घरात कुणी त्यांना उत्तर दिलेले नाही, असे तुमच्या पत्रावरून वाटते. उत्तर मिळाल्यावरही त्या नको म्हणाल्या, तर तो विरोध समजू आणि त्यावर वेगळे बोलू.

माझे मत विचाराल तर, लेखी करार आणि गाण्याची मुभा मिळत असेल तर एक वर्षासाठी जा. मुभा मिळत नसेल तर सहा महिन्यांसाठी जा. आणि करारच देत नसतील तर जाऊ नका, मग हातात काम असो वा नसो.

हाती असलेल्या तीन आठवड्यांत दोन गोष्टी करून पाहा. करंडकाच्या दिवसांतले दोन जुने सोबती गाठा, आताही त्यांच्यापैकी कुणी ना कुणी भरत नाट्य मंदिराच्या आसपास तालमीला येत असेलच. पाच पानांचा एक संवाद घ्या, तुमच्याच घरातल्या खोलीत फोनवर चित्रित करा. पार्श्वसंगीत नको, स्लो मोशन नको, शक्यतो कटही नको. दोघांपैकी एकाने विचारले की “मी इथे का उठतोय?”, तर तुम्हाला काय उत्तर सुचते ते टिपून ठेवा. ते उत्तर शोधताना मजा आली तर मालिकेत तुमचे बरे चालेल. वैताग आला, पुन्हा खिडकीतल्या उजेडाकडेच लक्ष गेले, तर तुमचा जीव गाण्यातच आहे हे मान्य करून वर लिहिलेला व्यवहार सुधारायला लागा.

दुसरे म्हणजे, निर्मात्याला विनंती करून दोन दिवस सेटवर नुसते बसायला जा. मॉनिटरच्या मागे खुर्ची देतील, ती पहिल्या तासाभरानंतर सोडा. कलाकार जिथे संवाद पाठ करत बसतात तिथे जाऊन बसा. सकाळी आलेली पाने ते कशी वाचतात, कोणत्या वाक्यावर अडतात, आणि अडल्यावर दिग्दर्शकाकडे जातात की सहायकाकडे, ते पाहा. सहायकाकडे जात असतील, तर सध्याचा दिग्दर्शक कुठे असतो आणि का, हे त्या सहायकाला चहाच्या वेळी विचारा, आणि मगच निर्मात्याला उत्तर कळवा.